पाठमोरे

लेस्वोस, २५ सप्टेंबर १९५८

ताई,

ती बोटीची शिडी चढत होती आणि मी तिच्याकडे पाठ करून उभा होतो. माझ्या एका बाजूला फोतिस न्हावी, दुसऱ्या बाजूला स्त्रातिस, त्यापलीकडे आमचं सगळं मंडळ. मागे शिडीच्या फळ्या वाजत होत्या. कोणी मान वळवली नाही. धक्क्यावरच्या पोलिसाने विचारलं, "काय रे, तिकडे डोंगरात काय बघताय?" फोतिस म्हणाला, "ती तिकडूनच परत येणार आहे." मग आम्ही तसेच चालत कॉफीच्या दुकानात गेलो. कॉफी पिताना बोटीचा भोंगा ऐकू आला. स्त्रातिसने साखर मागितली. 

पेलागिया उद्या सकाळी पिरेअसला उतरेल. हे पत्र विमानाच्या टपालाने पाठवतो आहे, बोटीच्या आधी पोचेल; तू धक्क्यावर ये. ट्रंक जड आहे, तिच्यात तेलातलं चीज आहे, हमालाला आडवी धरू देऊ नकोस. मेलबर्नची बोट एकोणीस ऑक्टोबरला सुटते. तोवर ती तुझ्याकडे राहील. डॉक्टरचा कागद आणि बाकीचे शिक्के तिथेच मिळतात असं आपल्या होणाऱ्या जावयाने, थेओफानिसने, मेलबर्नहून कळवलं आहे. मुलगा चांगला आहे. पत्रात उगाच गोड बोलत नाही. टायरच्या कारखान्यात उभं राहवत नाही एवढा उकाडा असतो, असं त्याने स्वतःच लिहिलं.

तू आता म्हणशील, एकुलती एक मुलगी जगाच्या दुसऱ्या टोकाला चालली आणि हा मास्तर डोंगराकडे तोंड करून उभा. ताई, तुला आमचं म्हणणं माहीत आहे. काळ जात नाही, फिरतो. जे गेलं ते वळणाआड गेलं. म्हणून आम्ही निरोप देत नाही आणि गेलेल्याला शोधत नाही. ऑलिव्हचं झाड एक वर्ष भरतं, एक वर्ष रिकामं राहतं. रिकाम्या वर्षी कोणी झाडाच्या गळ्यात पडून रडतं का?

गावातले लोक आम्हांला घाण्याची खेचरं म्हणतात. आम्ही बंद पडलेल्या घाण्यात जमतो म्हणूनही म्हणतात. मला त्याचं वाईट वाटत नाही. खेचराला वाटतं आपण पुढे चाललो. आम्हांला निदान माहीत आहे.

चीज थंड जागी ठेव.

इग्नातिस


तार. पिरेअस, २६ सप्टेंबर

ट्रंक आली. मुलगी नाही. ताबडतोब कळव. मिर्सिनी


पिरेअस, २६ सप्टेंबर १९५८

इग्नातिस,

तार मिळाली असेल. तरी लिहिते, कारण तारेत तुला शिव्या देता येत नाहीत.

सकाळी धक्क्यावर गेले. माणसं उतरली, मग बकऱ्या उतरल्या, मग पोती. सगळ्यांत शेवटी तुझी ट्रंक. हमालाने विचारलं, "मावशी, हिच्याबरोबरचं माणूस?" मी म्हटलं, "येतंय." तो बिचारा माझ्याबरोबर थांबला. बोटीवरच्या माणसाने कागद बघून सांगितलं की तिकीट दाखवून मुलगी चढली होती. पुढचं त्याला माहीत नाही.

समुद्राचं मी मनात येऊ देत नाही. तूही आणू नकोस. पण मला एक सांग. तुम्ही एवढे बाप्ये धक्क्यावर उभे होतात, आणि ती चढली, उतरली, उडाली की विरघळली, हे एकालाही माहीत नाही? अरे, कुत्रंसुद्धा जाणाऱ्याकडे बघतं.

तुझं पत्र नेहमीसारखं मध्येच तुटलं. दरवेळी मला वाटतं शेवटचं पान पाकिटात राहिलं. "काळजी घे" एवढं लिहिलंस तर तुझा काळ उलटा फिरणार आहे का?

शोध तिला. आज, आत्ता.

तुझी ताई
मिर्सिनी


लेस्वोस, ३० सप्टेंबर १९५८

ताई,

तुझी तार घेऊन पोस्टमन घाण्यात आला तेव्हा आम्ही सगळे तिथेच होतो. मी ती मोठ्याने वाचली. 

स्त्रातिस म्हणाला, "शिडीचा आवाज मी ऐकला. चढण्याचाच होता."

फोतिस म्हणाला, "उतरण्याचा आवाज काय वेगळा असतो?"

"उतरताना माणूस घाईत असतं."

"तुझी बायको उतरताना जिना मोडतो, ती काय घाईत असते?"

तू हसणार नाहीस हे मला माहीत आहे. मीही हसलो नाही. पण माझ्याकडे बघवत नव्हतं म्हणून ते दोघे भांडत होते, एवढं मला कळत होतं.

समुद्राचं मी बंदरावरच्या कचेरीत विचारून घेतलं. बोटीवरून कोणी पडलेलं नाही. पडलं असतं तर दोन्ही बाजूंच्या डेकवर माणसं होती. तेव्हा ती बेटावरच आहे. मन बदललं असेल आणि घरी यायला लाजत असेल. मी तिचं अंथरूण घालून ठेवतो. दाराला कडी लावत नाही. शेळीचं दूध तिच्या वाटचं बाजूला काढतो, सकाळी मांजराला देतो.

शोधायचं म्हणशील तर ते आमच्यात बसत नाही. शोधणं म्हणजे हरवलं असं कबूल करणं. हे मी सगळ्यांना शिकवलं आहे. स्त्रातिसचा मुलगा जहाजावर गेला आणि दोन वर्षं त्याचं पत्र नव्हतं. स्त्रातिस रोज बंदरावर जायचा. मी त्याला जाऊ दिलं नाही. मग एक दिवस मुलगा आपल्या पायाने परत आला. आता त्याच स्त्रातिससमोर मी गावोगाव विचारत फिरू?

खरं सांगायचं तर, ताई, तार वाचली तेव्हा आधी मी घाबरलो, आणि दुसऱ्या क्षणी मला वाटलं, ती परत येते आहे. निघाल्या दिवशीच वळण आलं. एवढा लहान फेरा आम्ही कधी कल्पिला नव्हता.

थेओफानिसला अजून काही कळवू नकोस.

इग्नातिस


मोलिवोस, २९ सप्टेंबर १९५८

प्रिय मिर्सिनी आत्या,

मी बुडाले नाही आणि पळून गेले नाही. मी मोलिवोसला माझी धर्ममाता अमेर्सूदा मावशी हिच्याकडे आहे. ती मला रोज विचारते, "आज जातेस की आज थांबतेस?" आणि मी काही बोलले नाही की भेंडी चिरायला देते.

काय झालं ते तुला सांगते. मी शिडीच्या वरच्या टोकाला पोचले आणि वळून बघितलं. मला माहीत होतं काय दिसणार. लहानपणापासून बघते आहे. तरी वळले. पाठींची एक रांग. बाबांच्या कोटाला मीच आदल्या दिवशी ठिगळ लावलं होतं, ते दिसत होतं. फोतिसकाकांनी त्यांची मान नुकतीच भादरली होती, ती पांढरी दिसत होती. मला वाटलं, मेलबर्नमध्ये कोणी मला विचारलं, तुझे बाबा कसे आहेत, तर मला ही मान आठवेल.

मी थांबून राहिले. माझ्यामागून एक बाई बोलली, "पोरी, चढ की." मी चढले नाही. उतरले. त्यांच्या पाठीमागून, आत्या, अगदी हाताच्या अंतरावरून गेले. बाबांच्या अंगाला साबणाचा वास येत होता. एकानेही वळून पाहिलं असतं तर पकडली गेले असते. ते कॉफी प्यायला गेले आणि मी उत्तरेकडच्या बसमध्ये बसले. ट्रंक तेवढी वर राहिली. ती उघड नाहीतर चीज कपड्यांना लागेल.

मला जायचं नाही असं समजू नकोस. मला थेओफानिस हवा आहे. त्याने तिथे दोन खोल्या घेतल्या आहेत आणि खिडकीचं माप कळवलं आहे, पडदे मी शिवून आणावेत म्हणून. मला जायचं आहे. पण तसं नाही.

आई गेल्यानंतरच्या हिवाळ्यात बाबांनी हे मंडळ काढलं. मी नऊ वर्षांची होते. घाण्यात बसून ते सांगायचे की काही जात नाही, आणि मी त्यांच्या मांडीवर झोपायचे. मला ते खोटं वाटत नव्हतं. आजही पूर्ण खोटं वाटत नाही. पण आत्या, मी काही ऋतू नाही.

मला एवढंच बघायचं आहे की ते मला शोधतात का. तू त्यांना सांगू नकोस. सांगितलंस तर ते सांगितल्यावरून येतील.

तुझी
पेलागिया


पिरेअस, ४ ऑक्टोबर १९५८

इग्नातिस,

आधी तुला शांत करते. मुलगी जिवंत आहे आणि दोन वेळ जेवते. हे मला कसं कळलं ते विचारू नकोस. ती कुठे आहे ते मला माहीत नाही, आणि माहीत असतं तरी तुला सांगितलं नसतं.

आता माझं ऐक. मी शिकलेली नाही. तुझ्या मंडळाच्या गोष्टी मला निम्म्या कळतात. पण तू पाळण्यात असल्यापासून मी तुला ओळखते. लहानपणी तुझ्या पायात काटा गेला की तू पाय धरून बसायचास आणि काढू द्यायचा नाहीस. विचारलं की म्हणायचास, दुखत नाही. दुखत नाही तर काढू दे. तर म्हणायचास, आपोआप निघेल.

तू तिला शोधत नाहीस ते तुझ्या तत्त्वज्ञानामुळे नाही. तिला शोधलंस तर पुन्हा बोटीवर चढवावं लागेल, म्हणून शोधत नाहीस. कडी न लावता दार उघडं ठेवून बसला आहेस आणि म्हणतोस, फेरा लहान निघाला. इग्नातिस, तो फेरा नाही. ती तुझ्यावर रुसलेली पोर आहे.

थेओफानिसचं पत्र माझ्या पत्त्यावर आलं आहे, तिच्या नावाचं. मी ते फोडलेलं नाही. पाकीट जाड आहे. तो तिथे खिडक्यांची मापं घेत बसला आहे आणि तू इथे मांजराला दूध पाजतोस. एकोणीस तारखेची बोट चुकली तर पुढची जागा वसंतात मिळेल असं एजंट म्हणाला. वसंतापर्यंत मुलगी कोणाकडे तोंड लपवून राहणार, आणि तो पोरगा काय समजणार?

तुझ्या त्या काळाला फिरू दे. त्याला कोणाची मदत लागत नाही असं तूच म्हणतोस. तू जरा सरळ चाल.

चीज मी खाल्लं. चांगलं होतं.

काळजी घे.

तुझी ताई
मिर्सिनी


मोलिवोस, ९ ऑक्टोबर १९५८

प्रिय आत्या,

बाबा आले.

काल दुपारी मी अंगणात भेंड्या दोऱ्यात ओवत होते. दारात कोणी तरी खाकरलं. मला वाटलं मीठवाला. बघते तर बाबा. बुटांवर धूळ, हातात टोपी. माझ्याकडे बघत उभे. मी वाट बघत होते की आता काही म्हणतील. ते म्हणाले, "कोट निळा आहे तर."

माझा कोट दारामागच्या खुंटीला होता.

मग ते उंबऱ्यावर बसले आणि त्यांनी पाणी मागितलं. अमेर्सूदा मावशीने पाणी दिलं आणि म्हणाली, "मास्तर, वळण लांबचं पडलं का?" बाबा म्हणाले, "बसचं चाक पंक्चर झालं." ती म्हणाली, "बरं झालं. तुम्हांला सवय नाही, सरळ गेलात तर चक्कर आली असती." ते हसले. ते हसले म्हणून मला रडू आलं, आणि मी भेंड्या सांडल्या.

त्यांनी मला काही विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. जेवताना ते सारखे माझ्याकडे बघत होते. मी म्हटलं, "बाबा, काय?" म्हणाले, "काही नाही. खा."

आम्ही रविवारच्या बोटीने निघतो, म्हणजे मी निघते. सोमवारी सकाळी धक्क्यावर ये. या वेळी मी ट्रंकेशिवाय असेन.

ते धक्क्यावर कसे उभे राहतील ते मी विचारलं नाही. ते मला शोधत आले, तेवढं पुरे. मी चढेन.

तुझी
पेलागिया


लेस्वोस, रविवार, १२ ऑक्टोबर १९५८

ताई,

हे पत्र तुला मिळेल तेव्हा ती तुझ्या स्वयंपाकघरात बसलेली असेल. तिने तुला काय सांगितलं असेल ते मला माहीत नाही. माझ्याकडचं मी सांगतो.

तुझं पत्र वाचून मी दोन दिवस तुझ्यावर रागावलो. तिसऱ्या दिवशी सकाळी घाण्यात गेलो आणि म्हणालो, "मी पेलागियाला शोधायला चाललो आहे."  स्त्रातिस माझ्याकडे बघत राहिला. त्याच्या मुलाच्या त्या दोन वर्षांचं त्याच्या मनात आलं असणार. माझ्याही आलं. मग तोच उठला आणि म्हणाला, "जा. शेळीचं मी बघतो."

मी बंदरावर गेलो. शोधतात कसं ते मला माहीत नव्हतं. धक्क्यावर तो चणे-शेंगदाणे विकणारा असतो, त्याला विचारलं, "त्या गुरुवारी एक मुलगी बोटीवरून उतरलेली पाहिलीस का?" तो म्हणाला, "कसला कोट होता?" मी म्हणालो, "माहीत नाही." "डोक्याला रुमाल होता?" "माहीत नाही." "कोणाची मुलगी?" "माझी."

त्याने पुडी बांधता बांधता माझ्याकडे बघितलं. मग म्हणाला, "निळ्या कोटातली असेल तर ती उत्तरेच्या बसमध्ये बसली. सगळ्या धक्क्याने बघितलं. मास्तर, आम्ही रोज वाट बघत होतो तुम्ही विचाराल म्हणून."

पहिल्याच माणसाला माहीत होतं, ताई. मग मी बेटभर निळ्या कोटाच्या मागे गेलो. कालोनी गावात बसच्या वाहकाला विचारलं, पेत्रा गावात एका दुकानदार बाईला विचारलं. प्रत्येकाने आधी तेच विचारलं, दिसायला कशी आहे. मी म्हणायचो, मध्यम उंची. म्हणायचो, केस काळे. पेत्राची बाई म्हणाली, "या बेटावर गोऱ्या केसांची कोण आहे?" माझ्या मुलीचं मी असं काही सांगू शकलो नाही की ज्यावरून ती ओळखू यावी. शाळेतल्या मुलांचं प्रगतिपुस्तक मी याहून चांगलं लिहायचो.

बसमध्ये बसून मी याचा विचार केला. फेऱ्यावरचा माझा विश्वास गेलेला नाही, तू उगाच चर्चमध्ये मेणबत्ती लावू नकोस. जे गेलं ते येतं. पण आलेलं ओळखायला हवं. आणि ओळखायचं तर जाताना बघून ठेवायला हवं. एवढी साधी गोष्ट इतक्या वर्षांत आमच्यापैकी कोणाच्या लक्षात आली नाही. आली असेल तर कोणी मला सांगितली नाही.

आज बंदरावर सगळं मंडळ आलं. फोतिस म्हणाला, "मास्तर, आम्ही आमच्यासारखे उभे राहतो. तुम्ही तुमचं बघा." मग ते डोंगराकडे तोंड करून उभे राहिले आणि मी त्यांच्या रांगेत बोटीकडे तोंड करून. पोलीस म्हणाला, "मास्तर, चुकलात का काय?"  मी बघत होतो.

ती चढली. वर जाऊन वळली. दोन शिपायांच्या मधून वाट काढून कठड्याशी आली. मला वाटलं आता झालं. पण, ताई, निरोपाला इतका वेळ लागतो हे मला कोणी सांगितलं नव्हतं. बोट सुटते, पण जात नाही. दोर सोडतात, पुन्हा कोणाला तरी हाक मारतात, पुन्हा थांबतात. मी टोपी हलवली. तिने हात हलवला. मग हात दुखायला लागला म्हणून मी दुसऱ्या हातात टोपी घेतली. तीही हात बदलताना मला दिसली. मग ती हसायला लागली. मी घरी जा अशी खूण केली, कारण दुसरी कोणती खूण मला येत नव्हती. तिने तीच खूण मला केली. एक शिपाई आमच्याकडे बघून हसला. वाऱ्याने तिचे केस तोंडावर येत होते आणि ती ते खांद्याने सारत होती, दुसरा हात कठड्यावर होता म्हणून. अगदी तिच्या आईसारखं सारत होती. हे मी आधी कधी पाहिलं नव्हतं, कारण कधी इतका वेळ तिच्याकडे बघत उभा राहिलो नव्हतो.

भोंगा झाला तेव्हा माझ्या शेजारी फोतिसचे खांदे हलले. त्याने मान वळवली नाही. त्याने तिच्या बाप्तिस्म्याला तिच्या डोक्यावरची पहिली बट कापली होती.

बोट भूशिराआड गेली तोवर मी उभा होतो. मंडळही उभं होतं. एरवी आम्ही लगेच कॉफीला जातो. आज कोणी निघालं नाही.

तिला माझ्या पत्राची वाट बघायला सांग. मी मेलबर्नला लिहीन. एकोणीस तारखेला तू धक्क्यावर जाशील तेव्हा माझ्या वाटचंही बघ, आणि मला सगळं कळव. काय घातलं होतं, कुठे उभी होती, काही खाल्लं होतं का.

सोमवार, सकाळ

पाकीट बंद करायचं राहिलं होतं. आज सकाळी मी शेळी सोडत होतो तेव्हा फोतिस आला. कुंपणापाशी उभा राहिला. म्हणाला, "काल कशी दिसत होती?" मी सांगितलं. तो ऐकून गेला. मग स्त्रातिस आला आणि त्यानेही तेच विचारलं. नंतर बाकीचे एकेक करून आले. मी प्रत्येकाला पहिल्यापासून सांगितलं.